वैनी मागे का सरल्या

हे सांगायचं मी बरीच वर्षं टाळलं. विसरलो म्हणून नव्हे. उलट इतकं लख्ख आठवतं की विषय निघाला की मी लगेच दुसरं काहीतरी हातात घ्यायचो. कुणी त्या अपघाताचं नाव काढलं की चहाचा कप उचलायचा, चष्मा पुसायचा, नाहीतर "तुमच्याकडं पाऊस कसा काय?" असं विचारायचं. माझ्या बायकोला हे सगळे बहाणे पाठ आहेत. सुरुवातीला ती एकदा म्हणाली होती, "पुसून पुसून चष्म्याची काच झिजली तुमच्या, पण तोंड काही उघडलं न्हाई."

आता उघडतो. ज्यांच्यापुढं उघडायचं होतं त्या आता नाहीत. पण त्यांच्या लेकीला, नातवंडांना आणि आमच्या सगळ्या गावाला त्यांच्याबद्दल एक गोष्ट चुकीची माहीत आहे. ती चुकीची आहे हे मला ठाऊक आहे आणि माझ्या बायकोला. आम्ही दोघं गेलो की ते चुकीचंच खरं म्हणून राहील.

सध्या मी नांदेडला मुलाकडं असतो. गाडी चालवणं सोडलं. घरासमोरचा रस्ता ओलांडला की औषधाचं दुकान, त्याला लागून महादेवाचं देऊळ. अंतर एवढंसं. पण सकाळी अंघोळ करून, कपाळाला भस्म लावून निघालो की तिथंच अडतो. रस्त्याच्या कडेला उभा राहतो आणि पाय उचलत नाही. रिक्षावाल्याचं निदान तोंड दिसतं. तो ओरडतो, "ओ बाबा, जायचंय का थांबायचंय?" म्हणजे त्यानं आपल्याला पाहिलं, एवढं तरी कळतं. मोटारींच्या काळ्या काचांमागं माणूस आहे की नाही, तो रस्त्याकडं बघतोय की मोबाइलकडं, काहीच कळत नाही. मग मी कुणीतरी ओलांडणारं येईपर्यंत थांबतो आणि कळपातल्या मेंढरासारखा त्याच्या मागून जातो.

सूनबाईंनी मला एकदा शिकवलं. "बाबा, हात पुढं करायचा आन् चालत सुटायचं. गाडीवाल्याच्या डोळ्यांत बघायचंच न्हाई. तुम्ही बघितलं की तो म्हणतो, म्हाताऱ्यानं बघितलंय आपल्याला, म्हातारा थांबंल. मग तो काय थांबत न्हाई."

तिचं खरं आहे. मी चाळीस वर्षं गाडी चालवली, आधी स्कूटर, मग मोटार, आणि माझाही हिशेब हाच होता. ज्यानं आपल्याकडं पाहिलं तो थांबेल. न पाहणाऱ्यालाच जपायचं. पण ज्या बाईबद्दल मी लिहितोय त्यांनी माझ्याकडं पाहिलं होतं. नीट पाहिलं होतं, मला ओळखलं होतं. त्यातूनच सगळं झालं.

आमचं गाव लोह्याच्या पुढं, नांदेड-लातूर रस्त्याला लागून. लोह्यात माझं कापडाचं दुकान होतं. घर गावात. आमच्या घरासमोर एक जोडपं राहायचं. नवरा माझ्याहून बराच लहान, पण आमचं बसणं-उठणं एकत्र. त्याच्या बायकोला मी वैनी म्हणायचो, त्या मला अण्णा म्हणायच्या. तो तापाचं निमित्त होऊन गेला तेव्हा वैनींची लेक शाळेत जात होती. दोन म्हशी, थोडं कोरडवाहू रान आणि ती लेक, एवढ्यावर त्यांनी संसार ओढला. रडत बसणाऱ्यातल्या नव्हत्या. बोलायला फटकळ आणि हसायला मोकळ्या. माझ्या बायकोशी त्यांचं फार जमायचं.

नवरा गेल्यानंतर वर्षभरातली गोष्ट. माझ्या लेकीच्या सोयरिकीची बोलणी उदगीरला ठरली होती. स्थळ चांगलं होतं. मी सकाळी स्कूटर बाहेर काढली, चालू केली, आणि त्याच वेळी वैनी दोन रिकाम्या घागरी घेऊन हापशाकडं निघाल्या, ते नेमक्या माझ्या पुढून.

आमच्याकडं कामाला निघताना रिकामं भांडं आडवं गेलं की माणूस परत घरात येतो, पाणी पितो, घडीभर टेकतो आणि मग निघतो. मीही तसंच करू शकलो असतो. पण मी स्कूटर बंद केली आणि मोठ्यानं म्हणालो, "वैनी, दुसऱ्याचं सोडा. तुम्हाला तरी कळाय पाहिजे व्हतं."

तुम्हाला तरी. यात घागरीचं काही नव्हतं. यातलं काय ते त्यांनाही कळलं आणि गल्लीतल्या प्रत्येकाला कळलं. कपाळावर कुंकू नसलेल्या बाईनं शुभकार्याला निघालेल्या माणसाच्या वाटेत येऊ नये, हे मी सांगत होतो. त्यांनी घागरी खाली ठेवल्या. मला वाटतं, माझ्यापुढं त्या कधीच गप्प बसलेल्या नव्हत्या, ती पहिली वेळ.

सोयरीक मोडली. मुलाकडच्यांना दुसरीकडं करायचं होतं, एवढंच कारण. पण मी संध्याकाळी पारावर बसून सगळ्यांना ऐकवलं की सकाळीच आडवं गेलं, मग कसं जमणार? ते शब्द रात्र व्हायच्या आत वैनींच्या घरी पोचले असणार. आमच्या गावात पोचायला वेळ लागत नाही.

बायको त्या दिवशी माझ्यावर खूप चिडली. "तिच्या नवऱ्याच्या मैतावर तुम्हीच रडला ना? आन् आता त्याच्या बायकूला अपशकुनी म्हणता?"

"मी कुठं म्हणालो तसं?"

"म्हणायचं काय बाकी ठेवलं?"

पुढं लेकीचं दुसरीकडं चांगलं झालं. मी ते सगळं विसरलो. वैनी विसरल्या नाहीत. त्यांचं माझ्याशी बोलणं सुरू राहिलं, सणाला ताट यायचं, बायकोबरोबर शेवया करायला त्या आमच्या ओसरीवर बसायच्या. पण माझी गाडी दिसली की त्या जिथं असतील तिथं थांबायच्या. भिंतीला टेकून उभ्या राहायच्या, घागर असली तर पाठीमागं धरायच्या आणि मी गेल्याशिवाय पाऊल उचलायच्या नाहीत. एकदा मी स्कूटरला किक मारत होतो तेव्हा पाहिलं, त्यांनी शेजाऱ्याच्या रांजणातून ओंजळभर पाणी घेऊन आपल्या घागरीत टाकलं. म्हणजे घागर रिकामी नाही.

ते पाहून मला काय वाटलं, तेही लिहितो. बरं वाटलं. बाई मान ठेवते असं वाटलं.

बायको टोमणे मारायची. "यमाच्या रेड्याला भ्यावं तशी ती तुमच्या गाडीला भिती." मी हसण्यावारी न्यायचो. वर्षं गेली, मोटार आली. मुलगा शिकला, त्यानं माझी टिंगल करून करून असल्या गोष्टींवरचा माझा विश्वास घालवला. गाडीला शनिवारी लिंबू-मिरची तेवढी बांधत होतो, तीही सवयीनं. आडवं जाण्याचं मी मानत नव्हतो. पण मी मानणं सोडलंय, हे वैनींना जाऊन सांगावं, असं मात्र मला कधी सुचलं नाही. त्या थांबत राहिल्या आणि मी पुढं जात राहिलो.

मग रस्ता चौपदरी झाला. आधीचा रस्ता अरुंद होता, खड्ड्यांचा होता. त्यावर गाड्या हळू यायच्या. चालवणाऱ्याला चालणारा दिसायचा, चालणाऱ्याला चालवणारा. निम्मे ओळखीचेच असायचे. "अण्णा, येऊ द्या" म्हणून म्हशीवाला हात करायचा, मी थांबायचो. नवा रस्ता झाला आणि गावाचे दोन तुकडे पडले. घरं या बाजूला राहिली. डेअरी, एसटीचा थांबा आणि निम्मी रानं त्या बाजूला गेली. मधल्या डिव्हायडरमध्ये एक जागा उघडी ठेवली होती, तिला सगळे 'कट' म्हणायचे. गाव सगळं त्या कटातून ये-जा करायचं. लातूरकडून येणाऱ्या गाड्या इतक्या जोरात यायच्या की आधी दिसायच्या आणि आवाज मागून यायचा. शाळेतली पोरं एकमेकांचे हात धरून पळत ओलांडायची. म्हातारी माणसं कटात उभी राहून दोन्हीकडं माना फिरवत बसायची.

वैनी रोज सकाळी दूध घालायला जायच्या. दोन्ही रस्ते ओलांडायच्या, त्यांना कधी काही झालं नाही. उलट त्याच दुसऱ्यांना नेऊन सोडायच्या. एका म्हातारीला हाताला धरून नेताना त्या म्हणाल्या होत्या, "गाडी बगू नका माय, गाडीतला माणूस बगा. त्येचं तोंड तुमच्याकडं हाय का नाही, एवढंच बगा." माझ्या सूनबाईंच्या अगदी उलट. पण त्यांना त्याचा उपयोग होत होता. रस्ता त्यांना आमच्यातल्या कुणाहीपेक्षा चांगला कळत होता.

त्या सकाळी मी दुकानाला निघालो होतो. काही शुभकार्य नाही, घाई नाही, रोजचंच. गावातून हमरस्त्याला लागलो, डाव्या बाजूनं चाललो होतो. वेग घेतला नव्हता. पुढं कट. वैनी डेअरीवरून परत येत होत्या. कटातून त्या आमच्या बाजूच्या रस्त्यावर उतरल्या आणि निम्म्यात आल्या. मी त्यांना पाहिलं आणि गाडी थांबवली. काचेतून हात केला, या, या.

त्यांनी मान वर करून माझ्याकडं पाहिलं. गाडीत कोण आहे ते त्यांना कळलं. आणि त्या थांबल्या. भर रस्त्यात. हातातली दुधाची किटली त्यांनी पदराआड पाठीमागं नेली आणि दुसऱ्या हातानं मला खूण केली, तुम्ही व्हा पुढं.

मला राग आला. हे कबूल करतो. मागून गाड्या येत असणार, ही बाई मधेच उभी, आणि मी थांबलोय तर हिला जायला काय झालं? मी पुन्हा हात केला, या म्हणून. त्या हलल्या नाहीत. मग मी हॉर्न वाजवला. एकदा. मग पुन्हा, जरा लांब.

मला म्हणायचं होतं, चला लवकर. त्यांना काय वाटलं असेल ते त्यांचा चेहरा पाहून मला त्याच क्षणी कळलं, आणि तोपर्यंत उशीर झाला होता. त्या माझी वाट मोकळी करायला मागे सरल्या. माझ्यावरची नजर न काढता, उलट्या पावलांनी, डिव्हायडरकडं. माझ्या थांबलेल्या गाडीच्या उजव्या बाजूनं एक मोटारसायकल पुढं आली.

पुढचं मी जास्त लिहीत नाही. मोटारसायकलवाला गवंडी होता, लोह्याला कामावर निघालेला, चार पोरांचा बाप. तोही पडला, कोपर सोलून निघालं. माणसं धावली. दोघा-तिघांनी त्याची गचांडी धरली, तो ओरडत होता, "मावशी उलट्या पावलानं आल्या वो! मी काय करू? उलट्या आल्या!" मी गाडीतून उतरलो होतो. वैनी बेशुद्ध होत्या. किटली लांब जाऊन पडली होती, तिचं झाकण निघालं होतं, आणि डांबरावर थोडं पाणी पसरलं होतं.

पाणी. दूध घालून परत येताना रिकाम्या किटलीत कुणी पाणी भरत नाही. माझी गाडी त्या वेळेला निघते हे त्यांना माहीत होतं. किटलीला त्यांनी उपाय केला होता. स्वतःला काय करणार होत्या?

ते पाणी मी पाहिलं, आणि त्याचा अर्थ तिथं जमलेल्या सगळ्यांत मला एकट्याला कळला. बघता बघता ते वाळलं.

हवालदार आला. त्यानं मला विचारलं, "शेटजी, तुमच्या समोरच झालं ना? सांगा." मी सांगितलं, "मी गाडी थांबवली व्हती. बाई निम्म्यात आली व्हती. मग गोंधळली आन् मागं सरली."

प्रत्येक शब्द खरा, एक सोडून. हवालदार म्हणाला, "होतं असं बायांचं." गवंड्यानं माझ्याकडं असं पाहिलं, जसा काही मी देव आहे. त्याची सुटका झाली होती. माझीही झाली होती. 'गोंधळली' म्हटल्यावर सगळ्यांचं भागत होतं. नुकसान झालं ते फक्त त्यांचं.

वैनींना लोह्याहून नांदेडला हलवलं. खुब्याचं हाड मोडलं होतं आणि डोक्याला मार होता. बऱ्याच दिवसांनी त्या नीट बोलायला लागल्या. लेक लातूरला दिलेली, ती येऊन राहिली होती. मी आणि बायको भेटायला गेलो. वैनींनी मला जवळ बोलावलं. त्यांना अपघाताचं काही आठवत नव्हतं. डेअरीवर दूध मोजून घेतल्यापर्यंतचं आठवत होतं, पुढं कोरं.

"अण्णा, तुम्ही व्हता म्हणं तिथं."

"हाव."

"मी निम्म्यात आले व्हते ना? मग मागं कामून सरले वो? मी कवाच मागं सरत न्हाई. रस्त्यात उतरलं की मागं सरायचं न्हाई, हे मीच समद्यांला सांगते. मग मी कामून सरले?"

त्या माझ्याकडं बघत होत्या. विचारणं अगदी सरळ होतं. त्यांना माझ्यावर आळ घ्यायचा नव्हता, त्यांना फक्त स्वतःचं कळून घ्यायचं होतं. खोलीत लेक उभी होती, माझी बायको स्टुलावर बसली होती. मी म्हणालो, "घाबरल्या असाल, वैनी. व्हतं असं. वय झालं आता."

त्यांनी साठीही पार केली नव्हती. वय माझं झालं होतं.

त्या म्हणाल्या, "हाव. तसंच असंल."

बाहेर आल्यावर बायकोनं मला व्हरांड्यात थांबवलं. "किटलीत पाणी व्हतं म्हणून सांगितलं मला कुणीतरी. त्या बाईला कळंना झालंय, तुम्हाला पण कळंना का?" मी तिला गप्प बस म्हणालो. आयुष्यात मी तिच्यावर असा हात उगारल्यासारखा फार थोड्या वेळा बोललो असेन.

लेकीनं निर्णय घेतला. तिचं काय चुकलं? आईला रस्ता कळेनासा झालाय, गोंधळते, असं सगळे सांगत होते, प्रत्यक्ष पाहणारा अण्णाही सांगत होता. म्हशी देऊन टाकल्या. घराला कुलूप लागलं. वैनी लातूरला गेल्या.

काही महिन्यांनी आम्ही दोघं लातूरला गेलो. घर रस्त्यावरच होतं, पुढं लोखंडी जाळीचं दार. लेक कामावर जाताना त्या दाराला बाहेरून कुलूप लावायची. आम्ही आलो तेव्हा ती घरी होती म्हणून आत जाता आलं. वैनी वॉकर धरून जाळीपाशी उभ्या होत्या.

"या. कोंडवाड्यात तुमचं स्वागत हाय," असं म्हणाल्या आणि हसल्या. "लेक मला अशी जपती, की मी म्हणले, बाई, मी काय तुझी पहिलीतली पोर हाय का?"

लेक आतून म्हणाली, "काका, तुम्हीच सांगा आईला. परवा म्हणती, कोपऱ्यावर जाऊन भाजी घेऊन येते. काही झालं म्हणजे?"

"तिचं बी खरं हाय," वैनी म्हणाल्या. मग आवाज खाली आणला. "अण्णा, खरं सांगू का? मला आता माझाच भरवसा वाटत न्हाई. गॅस बंद केला का न्हाई, तीन-तीनदा जाऊन बगते. भाजीत मीठ टाकलं का, लेकीला इचारते. ज्या बाईला भर रस्त्यात कुठं जावं कळंना, तिचं काय सांगावं?"

मीठ त्या बरोबरच टाकत होत्या. आम्ही तिथं जेवलो. त्यांच्या हाताची चव तशीच होती. त्यांचं डोकं ठिकाणावर होतं आणि त्या रोज ते तपासत होत्या, घाबरत घाबरत. माझ्या दोन शब्दांनी हे तपासणं थांबलं असतं. मी दुसऱ्यांदा भात घेतला.

परत येताना बसमध्ये बायको खिडकीबाहेर बघत बसली. अहमदपूर आलं तेव्हा म्हणाली, "तुम्ही सांगणार न्हाई, तर मी सांगंन."

"मी सांगतो. मला एकट्याला येऊ दे."

म्हणून पुन्हा गेलो, एकटा, नांदेडहून. तोपर्यंत मी मुलाकडं राहायला आलो होतो. बसमध्ये मनात वाक्यं जुळवत होतो. सुरुवात कुठून करायची? घागरीपासून की हॉर्नपासून? माफी आधी मागायची की नंतर? शेजारी बसलेला माणूस म्हणाला, "बाबा, कुणाशी बोलायलात?" तेव्हा कळलं, माझे ओठ हलत होते.

लातूरला उतरलो आणि वैनींच्या लेकीच्या घरासमोर रस्त्याच्या पलीकडच्या बाजूला येऊन उभा राहिलो. जाळीमागं त्या दिसत होत्या. मधे फक्त रस्ता. मला तो ओलांडता येईना. एक मोटार थांबली, आतल्या तरुण बाईनं हसून हात केला, या आजोबा. मी एक पाऊल टाकलं आणि थिजलो. तिच्या बाजूनं कुणी येतंय का ते मला दिसेना. तिनं पुन्हा हात केला. मी हलेना. तिच्या मागच्यानं हॉर्न वाजवायला सुरुवात केली, मग त्याच्या मागच्यानं. शेवटी ती मान हलवत निघून गेली. एक भाजीवाला हातगाडा ढकलत आला, मी त्याच्या गाड्याला धरून पलीकडं गेलो. भाजीवाला म्हणाला, "धरा बाबा, पण टमाटे पाडू नका."

लेक त्या दिवशी घरीच होती, तिनं दार उघडलं. मी खुर्चीत बसलो. वैनींनी हे सगळं जाळीतून पाहिलं होतं. त्यांनी स्वतः वॉकर टेकत टेकत माझ्यासाठी पाणी आणलं, अर्धं सांडलं.

"अण्णा, थरथरायलात की तुम्ही."

"न्हाई, न्हाई."

"न्हाई काय? मी बगत व्हते. त्या पोरीनं गाडी थांबवली, हात केला, तरी तुम्हाला पाय उचलंना." त्या माझ्या समोर बसल्या आणि माझ्याकडं इतक्या मायेनं पाहिलं की मला मान वर करवेना. "तुमचं बी माझ्यासारखंच व्हायलंय. मी म्हणत व्हते, माझंच कामून असं झालं? मलाच कामून कळंना? आता बगा, तुमचं बी तेच. तुम्ही तर गाडी चालवलेला माणूस. म्हंजे वयाचंच हाय ते. हाय ना?"

त्यांचा चेहरा उजळला होता. इतके दिवस त्यांनी स्वतःला एकटं वेडं ठरवलं होतं, आणि आता त्यांना सोबत मिळाली होती.

मी म्हणालो, "हाव, वैनी. वयाचंच हाय."

मला वाटलं, आज त्यांना हे सुख लाभलंय, ते कशाला मोडा? असं वाटलं हे खरं. पण ती पळवाट होती, हेही खरं. चहा झाला. लेकीनं पोहे केले. निघताना वैनी जाळीपर्यंत आल्या आणि मला म्हणाल्या, "आता भाजीवाला येईस्तोर थांबा. एकटे जाऊ नका." मी म्हणालो, "औषधं वेळेवर घ्या." एवढंच बोलून बाहेर पडलो.

पुढच्या थंडीत लेकीचा फोन आला, वैनी गेल्या. आम्ही गेलो. मातीला सगळं गाव आलं होतं, तो गवंडीही आला होता, मागं उभा होता. लेक माझ्या गळ्यात पडून रडली. म्हणाली, "आई फार हुशार होती काका. अपघातापासूनच तिचं डोकं गेलं. शेवटी शेवटी तर सारखी म्हणायची, मला काही कळत न्हाई, मला काही विचारू नका." मी तिच्या पाठीवरून हात फिरवला आणि तेव्हाही बोललो नाही. माझ्या बायकोनं माझ्याकडं पाहिलं आणि नजर वळवली. त्या दिवसापासून तिनं हा विषय काढलेला नाही, आणि मला तेच जास्त जड जातं.

बाळ, तुझ्या आईचं डोकं गेलं नव्हतं. हे तुला माझ्याकडून तोंडी ऐकायला मिळायला हवं होतं. हे वाचून तू मला घरात घेतलं नाहीस तरी मी समजून घेईन.

आणि वैनी, बसमध्ये जुळवलेलं आणि तुमच्या समोर बसून गिळलेलं ते हे. तुम्ही मागे सरलात ते माझ्या गाडीला आडवं जायचं नाही म्हणून. ते तुमच्या मनात मी घातलं होतं, गल्लीत, सगळ्यांपुढं, तुमचं दुःख ताजं असताना. नंतर माझा त्यावरचा विश्वास गेला, तरी तुम्हाला सांगितलं नाही. तुम्ही दवाखान्यात मला विचारलंत, आणि तुमची त्या क्षणाची आठवण गेली होती म्हणून मी निभावून नेलं. तुमचं घर, तुमच्या म्हशी, तुमचं एकटीनं हिंडणं-फिरणं माझ्या गप्प बसण्यानं गेलं. तुम्हाला रस्ता कळत होता, वैनी. सगळं कळत होतं. माझी चूक झाली. मला माफ करा.